महालक्ष्म्यांच्या मागची भिंत

अण्णा,

तक्रार तशी क्षुल्लक आहे, पण मांडायची तर रीतसर मांडायला हवी, म्हणून आधी हात जोडतो. तक्रार अशी, की आपण भिंतीवर राहायला तयार नाही. हॉलच्या ज्या भिंतीवर तुमचा फोटो आहे, म्हणजे होता, तिथला खिळा गेल्या पावसाळ्यात एकदा सुटला, मग होळीच्या सुमाराला सुटला, आणि आता श्रावणात तुम्ही पुन्हा खाली आलात. तूर्त तुम्हाला फ्रीजवर ठेवलं आहे. तिथून तुम्हाला मिक्सर, पाण्याचा फिल्टर आणि खिडकीतून शेजाऱ्यांची टाकी, एवढं दिसतं. जो माणूस आयुष्यभर स्वयंपाकघरात डोकावला तो फक्त 'चहा झाला का' हे विचारायला, त्याला आता दिवसभर कुकरच्या शिट्ट्या ऐकत बसावं लागतंय ह्याचं मला वाईट वाटतं. फार नाही, थोडं. तुमची सूनबाई रोज सकाळी आंघोळ झाली की तुमच्यापुढे फूल ठेवून हात जोडते आणि तुमच्याशी काहीतरी पुटपुटते, हा नेम तिने सोडलेला नाही. फक्त आता ती तो फ्रीजपुढे उभी राहून करते. परवा दूधवाल्याने मागच्या दारातून ते बघितलं आणि म्हणाला, "भाभीजी, नया फ्रिज आया क्या? मिठाई तो खिलाओ."

दोष खिळ्याचा नाही. भिंतच काही धरून ठेवायला तयार नाही. तुम्हाला ती ओल आठवत असेल. नसेल तर आठवण करून देतो, कारण मला ती विसरण्याची सोय कधीच नव्हती. छत आणि भिंत जिथे मिळतात त्या कोपऱ्यात ती सुरू होते, छतावर हातभर पसरते, आणि मग भिंतीवरून सावकाश उतरत महालक्ष्म्यांच्या जागेपर्यंत येते. काठ तपकिरी, बशीत सांडलेला चहा वाळल्यावर राहतो तसा, आत पिवळट, आणि मध्ये रंगाला आलेले फुगे. फुग्याला बोट लावलं की तो फुटतो आणि मिठासारखी पांढरी पूड गळते. लहानपणी मला तो डाग बसलेल्या उंटासारखा दिसायचा. कॉलेजात असताना, तुमच्याच कृपेने डोक्यात संस्कृत काव्य भरलेलं असल्यामुळे, कधी तो मेघ व्हायचा, कधी शेपटी आपटणारा सिंह. आता मी स्वतः संस्कृत शिकवून शिकवून निवृत्तीला टेकलो आहे आणि मला तो फक्त डाग दिसतो. वय झालं की उपमा संपतात, हे अलंकारशास्त्रात कुणी लिहून ठेवलेलं नाही.

ह्या सगळ्याचं मूळ, अण्णा, तुम्ही आहात. रागावू नका, आधी ऐकून घ्या. सगळं इंदूर घराला रंग देतं ते दिवाळीच्या आधी. पाऊस संपलेला असतो, ऊन कडक पडतं, भिंती खडखडीत वाळलेल्या असतात. पण आपल्याकडे महालक्ष्म्या येणार भाद्रपदात, गणपतीच्या दिवसांत, आणि संध्याकाळच्या हळदीकुंकवाला स्नेहलतागंजातली झाडून सगळी मराठी बायामंडळी येणार. तेव्हा रंग हवा त्याच्या आधी. म्हणजे भर श्रावणात. म्हणजे बाहेर पाऊस लागलेला, हवेत ओल, भिंतीत ओल, आणि आपण त्या ओल्या भिंतीवर पुट्टी थापून, रंगाचा हात मारून ते पाणी आत बंद करून टाकायचो. महालक्ष्म्या तीन दिवस झकपक भिंतीपुढे उभ्या राहायच्या, बायका म्हणायच्या "काय सुंदर दिसतंय हो घर," आणि पितृपक्षात पहिला फुगा यायचा. दिवाळीला सगळ्या गल्लीची घरं नवी दिसायची आणि आपल्या हॉलला पुन्हा उंट बसलेला असायचा. शेजारचे लोक समजुतीच्या स्वरात आईला सांगायचे, "भाभीजी, दिवाली पे पुताई करवाया करो." आई तुमच्याकडे बघायची. तुम्ही म्हणायचात, "डागाळलेल्या भिंतीपुढे माहेरवाशिणी उभ्या करायच्या नाहीत." तुमच्या ह्या वाक्याला अपील नव्हतं.

आणि रंग तरी कोणता? तो निवडायचा आपला अधिकारच नव्हता. पोलोग्राउंडला तुमच्या पंपांच्या कारखान्याला लागून एक लहानसा रंगाचा कारखाना होता, आणि तिथे ज्या मालाची छटा बिघडायची तो तुमच्यासारख्या स्टोअर्समधल्या माणसांना मेहरबानीखातर मिळायचा. त्यामुळे आपल्या हॉलचा रंग दरवर्षी तिथल्या कुणाच्या तरी चुकीवर ठरायचा. पिस्ता करायला गेले आणि शेवाळं झालं, ते आपल्याकडे. गुलाबी करायला गेले आणि जखमेवरचं औषध झालं, तेही आपल्याकडे. माझ्या लग्नानंतरच्या पहिल्या महालक्ष्म्यांच्या वेळी तुम्ही नव्या सुनेला बोलावून मोठ्या इतमामाने विचारलंत, "सूनबाई, ह्या वर्षी रंग तुम्ही सांगायचा." तिने लाजत, बराच विचार करून सांगितलं, "बदामी." संध्याकाळी तुम्ही सायकलच्या दोन्ही बाजूंना दोन डबे लटकवून आलात, झाकण उघडलंत, आणि आत वांग्याचा जांभळा रंग. तुम्ही डब्यात बघितलंत, तिच्याकडे बघितलंत आणि म्हणालात, "थोडा पक्का बदामी आहे." ती हसत हसत खालीच बसली. मला वाटतं त्या क्षणापासून ती तुमची झाली. मी तिचा त्यानंतर केव्हातरी झालो.

मी तुमचा लाडका नव्हतो असं मी म्हणत नाही, पण माझ्या वाट्याला भिंतीच्या बाबतीत आला तो मारच, तोही व्याकरणाचा. एका आरतीला मी नैवेद्याच्या ताटाशेजारी उभा होतो, हाताशी एक टपोरा फुगा होता, आणि सगळे डोळे मिटून टाळ्या वाजवत होते. मी बोटाने तो फोडला. पापुद्रा आणि पांढरी पूड थेट घावनांवर. आरती संपल्यावर तुम्ही सगळ्या पाहुण्यांदेखत शांतपणे म्हणालात, "लिप् धातू चालव." लिप् म्हणजे लिंपणे. मी नऊवारीतल्या बायकांच्या मधोमध उभा राहून लिम्पति, लिम्पतः, लिम्पन्ति करत गेलो आणि तुम्ही ताटातून पूड वेचत राहिलात. इतरांचे वडील ओरडायचे. तुम्ही रूपं विचारायचात. ओरडणं परवडलं असतं.

तुम्ही गेल्यावर मी शहाणा व्हायला हवा होतो. झालो नाही. दरवर्षी श्रावण लागला की सूनबाई म्हणणार, "पेंटरला फोन केला का? अण्णांच्या वेळेपासून चालत आलंय," आणि मी फोन करणार. आपला पेंटर तुम्ही पाहिलेला नाही. तुमच्या पेंटरचा तो भाचा. कामापेक्षा त्याचा आत्मविश्वास मोठा. दरवर्षी त्याच्याकडे नवा उपाय असतो. "भिया, टेंसन मत लो. इस बार ऐसा केमिकल मारेंगे कि पानी को खुद शरम आ जाए." पाणी निर्लज्ज निघतं. एका वर्षी त्याने गच्चीवर काळं डांबर ओतलं, एका वर्षी भिंतीवर निळं काहीतरी, एका वर्षी म्हणाला की पुट्टीच खराब आली होती, कंपनीची चूक. गेल्या वर्षी त्याने अंतिम तोड काढली: प्लास्टिकच्या पट्ट्या. लाकडासारख्या दिसणाऱ्या, एकात एक अडकवायच्या, सगळी भिंत झाकून टाकायची. "अब दिखेगा ही नहीं, तो है ही नहीं," असं म्हणाला तो. मी अद्वैताचे वर्ग घेतो, पण इतकं सुटसुटीत मला कधी सांगता आलं नव्हतं. बायकांनी पट्ट्यांवर हात फिरवून पाहिला, एकीने तर फोटो काढून मुलीला पाठवला. तुमचा फोटो त्या पट्ट्यांवरच टांगला होता. सूनबाई खूश होती. आपला हॉल प्रथमच एखाद्या डेंटिस्टच्या वेटिंगरूमसारखा दिसत होता.

त्या दिवाळीपासून तिला खोकला आहे.

आधी थंडीचा म्हणालो, मग धुळीचा, मग बाहेर मेट्रोचं खोदकाम चाललंय त्याचा. हळद-दूध झालं, ज्येष्ठमध झालं, गल्लीतल्या डॉक्टरची तीन रंगांची औषधं झाली. खोकला कोरडा, सकाळी जास्त. विशेष म्हणजे मे महिन्यात ती पुण्याला मुलीकडे राहून आली तर तिथे अजिबात नव्हता. इथे येऊन चार दिवस झाले आणि पुन्हा सुरू. मी म्हटलं, "तुला इंदूर मानवत नाही वाटतं." ती म्हणाली, "मला तुम्ही मानवत नाही." आम्ही दोघंही हसलो. शेवटी मोठ्या डॉक्टरांकडे गेलो तेव्हा त्यांनी छाती तपासायच्या आधी एकच प्रश्न विचारला: "सर, घर में कहीं सीलन है क्या?" मी म्हटलं, ओल होती, पण आता दिसत नाही. ते म्हणाले, "दिखती नहीं मतलब?" त्यांना प्लास्टिकच्या पट्ट्यांबद्दल सांगताना मला स्वतःचा आवाज त्या पेंटरसारखा ऐकू येत होता.

घरी येऊन मी एक पट्टी उचकटली. अण्णा, मागे जे होतं ते मी सविस्तर लिहीत नाही, तुमच्या सुनेने वर्षभर त्याच्यापुढे उभं राहून श्वास घेतला आहे. काळी बुरशी, मखमलीसारखी, छतापासून खालपर्यंत. वास असा, की जुन्या ग्रंथालयातल्या तळघराची आठवण यावी. मी पट्टी परत लावली, दार बंद केलं, तिला मागच्या खोलीत बसवलं आणि पेंटरला बोलावलं. ह्या वेळी झाकायला नव्हे, खरवडायला.

त्याने आणि त्याच्या जोडीदाराने दोन दिवस भिंत खरवडली. पट्ट्या गेल्या, पुट्टी गेली, रंगांचे पापुद्रे गेले. मग वरच्या कोपऱ्यात त्याने हातोडी जरा जास्तच मनापासून मारली आणि आतून गच्चीवर तुंबलेलं पावसाचं पाणी भसकन त्याच्या अंगावर आलं. तो शिडीवरून ओरडला, "भिया! पाइप मिल गया!" जणू आम्ही पिढ्यान् पिढ्या तोच शोधत होतो. आणि तेव्हा मला आठवलं. घर बांधताना गच्चीच्या पाण्याचा पाईप तुम्ही बाहेरून न टाकता भिंतीत चिणून घेतला होतात. गवंडी नको म्हणत होता. तुम्ही म्हणालात, "बाहेर पाईप लोंबला की घर धर्मशाळेसारखं दिसतं." म्हणजे इतकी वर्षं आपण जे पाणी बाहेरून आत येतंय म्हणून केमिकल मारत होतो, ते आतच होतं. तुम्हीच ठेवलं होतंत. सांधा तडकलेला, आणि दर पावसाळ्याला गच्चीचं सगळं पाणी भिंतीच्या पोटात. कारखान्यात आयुष्यभर पाणी वर चढवायचे पंप दिलेत अण्णा, खाली कसं उतरतं त्याचा एकदा विचार करायचा होतात.

आता नवा पाईप बाहेरून टाकला आहे. पांढरा, जाडजूड, घराच्या दर्शनी बाजूने लोंबतो. धर्मशाळा म्हणाल तर धर्मशाळा. राडारोडा उचलायचाही एक अध्याय झाला. सकाळी कचऱ्याची गाडी गाणं वाजवत आली, मी प्लास्टरचं पोतं घेऊन गेलो, तर गाडीवाली बाई म्हणाली, "बाबूजी, ये गीला है कि सूखा?" मी पोत्यात हात घालून पाहिला आणि प्रामाणिकपणे सांगितलं, "यही तो पचास साल से झगड़ा है।" तिने पोतं घेतलं नाही. मलबा वेगळा जातो म्हणे.

तर अशी भिंत आता उघडी आहे. विटा दिसतात. वाळायला किमान दिवाळी उजाडणार, तोवर तिच्यावर काहीही लावायचं नाही, पंखा आणि खिडक्या चालू ठेवायच्या, असं ठरलं. म्हणजे मी ठरवलं. आणि महालक्ष्म्या तोंडावर आल्या आहेत.

सूनबाई म्हणाली, "अहो, मतलब काय? विटांपुढे उभ्या करायच्या?"

"ह्या वर्षी करायच्या."

"बायका येतील त्या काय सोचतील? घरात पैसा नाही की अक्कल नाही?"

"अक्कल नव्हती म्हणूनच हे झालं. ती आत्ता येते आहे."

"नुसता एक हात चुना तरी मारून घ्या. नाहीतर मी मागे साडी टांगते."

"साडीने हवा अडते. भिंत वाळणार नाही. डॉक्टरांनी काय सांगितलंय?"

"डॉक्टरांच्या घरी महालक्ष्म्या नसतात," ती म्हणाली, आणि पुढचं बोलायला तोंड उघडलं तर खोकला आला. तो संपेपर्यंत मी थांबलो. भांडणात समोरचा खोकत असताना थांबावं लागतं, आणि थांबलं की जिंकता येत नाही. गेले कित्येक महिने मी एकही वाद जिंकलेलो नाही.

मग मी एक गोष्ट केली जी तुम्हाला आवडणार नाही. किंवा आवडेल, सांगता येत नाही. मी विचार केला की ही फक्त अण्णांचं ऐकते. तेव्हा अण्णांनाच बोलू द्यावं. कॉलेजातल्या रिकाम्या तासाला बसून मी एक अनुष्टुभ रचला, आणि संध्याकाळी चहा पिताना सहज आठवल्यासारखं म्हटलं, "अण्णा नेहमी एक वास्तुशास्त्रातला श्लोक म्हणायचे बघ," आणि खाकरून सुरू केलं:

भाद्रे मासि न लेप्तव्या भित्तिरार्द्रा कदाचन ।
लिप्ता रुणद्धि या तोयं सा गृहं ग्रसते शनैः ॥

"अर्थ असा," मी म्हटलं, "की भाद्रपद महिन्यात ओल्या भिंतीला कधीही लेप लावू नये. लिंपलेली भिंत पाणी आत कोंडते आणि हळूहळू घर गिळते." वृत्त निर्दोष होतं. तुम्हीही चूक काढू शकला नसतात.

ती कपात बघत होती. मग म्हणाली, "खोटं."

"खोटं काय? अण्णा म्हणायचे."

"तुम्हाला म्हणत असतील. मला अण्णांनी आयुष्यात एक श्लोक ऐकवला नाही. तुम्हाला रागवायचं असलं की त्यांचं संस्कृत निघायचं. मला काही सांगायचं असलं की सरळ समोर येऊन बसायचे आणि साध्या मराठीत सांगायचे." तिने कप खाली ठेवला. "आणि इतकं आहे ना, तर विचारा अण्णांना. फ्रीजवरच आहेत."

तर विचारतो आहे. म्हणजे त्या संध्याकाळी विचारणारच होतो, पण मला इतका राग आला होता, तुमचा, तिचा, पेंटरचा, वास्तुशास्त्राचा, की मी कागद घेण्याऐवजी स्वयंपाकघरातलं उलथनं घेतलं आणि भिंतीचा डावीकडचा जो भाग पेंटरने तसाच सोडला होता तो स्वतः खरवडायला लागलो. तोंडाला कोरोनाच्या वेळचा मास्क, अंगावर जुना सदरा. भिंत म्हणजे आपल्या घराचं पंचांगच आहे, अण्णा. फुग्यांबरोबर गळून गेले ते सोडले तर वरून पांढरा, खाली फिका पिवळा, त्याखाली माझी नोकरी कायम झाली तेव्हाचा आकाशी, मग शेवाळी, मग तो पक्का बदामी. आणि तिथे मी थांबलो. कारण जांभळ्यावरचा शेवाळी रंग भिंतीच्या मधोमध येऊन संपत होता. उभी, सरळ रेघ. डावीकडे नुसता जांभळा, उजवीकडे शेवाळी. ब्रश तिथून पुढे गेलाच नव्हता.

मला आठवायला थोडा वेळ लागला. आमची मुलगी पोटात होती ते वर्ष. पेंटरने रंग सुरू केला आणि अर्ध्या भिंतीवर आला असेल, तर आतून सूनबाईच्या उलट्यांचा आवाज. तिला तो वास सहन होईना. तिने कुणालाच सांगितलं नव्हतं, कारण तुमचा नियम. तुम्ही कारखान्यातून आलात, सायकल लावलीत, आवाज ऐकलात, आणि पेंटरला म्हणालात, "उतर." आई म्हणाली, अहो अर्धीच झाली आहे, परवा महालक्ष्म्या. तुम्ही म्हणालात, "मग अर्ध्या भिंतीपुढे उभ्या राहतील." आणि उभ्या राहिल्या, एक जांभळ्यापुढे आणि एक शेवाळ्यापुढे. हळदीकुंकवाला आलेल्या बायकांना तुम्ही दारातच सांगत होतात, "ही नवीन फॅशन आहे." त्या दिवशी तुम्ही एक श्लोकही म्हणाला नव्हतात. हे मी कसं विसरलो? उत्तर घरातच होतं, नवीन प्रमाण रचायची काही गरज नव्हती.

मी तिला हाक मारली. तिला मास्क लावून, खिडकीजवळ उभं करून लांबूनच ती रेघ दाखवली. काही सांगावं लागलं नाही. ती बघत राहिली, मग मास्कच्या आत हसली असावी, डोळ्यांवरून वाटलं. "माझं उलथनं," ती म्हणाली आधी. मग म्हणाली, "अण्णांनी त्या पेंटरला चहासुद्धा दिला नव्हता, इतक्या घाईने घालवलं." मग खुर्चीवर बसली. आणि मी माझा पूर्वपक्ष, उत्तरपक्ष, सिद्धान्त सगळं मांडून तयार होतो, तेवढ्यात ती म्हणाली, "ठीक आहे. राहू द्या विटा. रांगोळी जरा मोठी काढीन."

बस. एवढंच. जिने साबुदाण्यात शेंगदाण्याचं कूट किती घालावं ह्यावर माझ्याशी तीस वर्षं तह केला नाही, ती एका वाक्यात विटांना हो म्हणाली. साडी नाही, चुना नाही, बायका काय सोचतील नाही. मी जिंकलो, अण्णा. कित्येक महिन्यांत पहिल्यांदा जिंकलो, आणि तिथेच उलथनं हातात धरून उभा राहिलो, आणि मला काही बरं वाटेना. ती का मानली हे मला कळलं होतं: तीही घाबरली आहे. तिला धाप लागते आहे हे ती माझ्यापासून लपवते, म्हणून जिना चढून आल्यावर नळ सोडून उभी राहते. मला तो नळ ऐकू येतो.

मोठ्या डॉक्टरांनी त्याच भेटीत काढलेला एक्स-रे तिने पाहिला नाही, मी पाहिला. डॉक्टरांनी तिला बाहेर बसायला सांगितलं आणि पडदा माझ्याकडे वळवला. उजव्या बाजूला, वरच्या कोपऱ्यात, एक ढगासारखा पांढुरका डाग, काठ फिका. डॉक्टर म्हणाले, "यहाँ थोड़ा धब्बा-सा दिख रहा है। सीलन की वजह से हो सकता है, फिर तो दवा से और घर सूखने से ठीक हो जाएगा। पर स्कैन करा लेते हैं।" 'हो सकता है' असं म्हणाले. मी शब्द नीट ऐकायचं तुमच्याकडून शिकलो आहे, म्हणून ते तीन शब्द तेव्हापासून डोक्यात घोळतायत. तिला मी सांगितलं, "ओलीमुळे आहे, घर वाळलं की जाईल." तिने एवढंच विचारलं, "मग स्कॅन कशाला?" मी म्हटलं, "मोठे डॉक्टर आहेत, त्यांना मोठंच यंत्र लागतं."

हे पत्र कुठे टाकायचं नाहीच आहे. टाकायचं ठरवलं तरी तुमच्यापर्यंत जायला फक्त हॉलमधून स्वयंपाकघरापर्यंत यावं लागेल, आणि तिथे आत्ता ती आहे. म्हणून इथेच एक खरं सांगून टाकतो. सुरुवातीला जी तक्रार केली ती रद्द समजावी. ह्या वेळी तुमचा फोटो पडला नव्हता. दोनदा पडला होता तो आपला आपण. ह्या वेळी मी काढला. डॉक्टरांकडून आलो त्याच दुपारी, पट्टी उचकटून बघायच्याही आधी, खिळ्यावरून उतरवला, हार जरा चेपला, आणि तिला सांगितलं की पडला. रोज सकाळी ती आंघोळीनंतर तुमच्यासमोर, त्या भिंतीला नाक लावून उभी राहायची, आणि तिला 'तिथे उभी राहू नकोस' म्हणून सांगितलं असतं तर तिने कारण विचारलं असतं. फ्रीजजवळ खिडकी आहे.

स्कॅन गुरुवारी आहे. आत्ता ती आत खोकते आहे आणि मी पेन उचलून धरलं आहे. भिंत वाळेल, मला माहीत आहे. मला तुमच्या सुनेसाठी भीती वाटते, अण्णा.